लीछिंग आणि हौखंगचा कौल

आमच्या पश्चिम रस्त्यामागच्या गल्लीत सकाळी साडेसातला पांढऱ्या गाडीचं इंजिन घरघरलं की मी समजते, आज लीछिंगकडे पाहुणा आहे. तिचा नवरा हुईलोंग ओल्या फडक्याने काचा पुसत असतो आणि ती पायरीवर बसून बुटांच्या नाड्या बांधता बांधता तळलेल्या पिठाची कांडी तीन घासांत संपवते. तिची आणि आमची मागची भिंत एकच. तीस वर्षं मी तिचा आवाज त्या भिंतीतून ऐकत आले आहे. पितरांच्या सणाला आमच्याकडचे लाडू तिकडे जातात, तिच्याकडचं आल्याचं बदक इकडे येतं.

त्साय लीछिंग गाईड आहे. झेंडी उंच धरून चाळीस माणसांपुढे चालणाऱ्यांतली नव्हे. तिच्याकडे एका वेळी एकच पाहुणा, फार तर एक कुटुंब. एक दिवस, एक गाडी, सकाळी आठ ते संध्याकाळी सहा. कागदावर छापलेली यादी सगळ्यांना सारखीच: खायय्वान मंदिर, दगडी जोड मनोरे, जुनी मशीद, समुद्रदेवी माझूचं देऊळ, जेवण, लोयांगचा पूल. पण तिच्याकडे येणाऱ्या निम्म्या माणसांना मनोऱ्यांशी काही घेणंदेणं नसतं. मलाया, जावा, फिलिपिन्स असं कुठून कुठून म्हातारी माणसं येतात. चीनच्या किनाऱ्यावरच्या आमच्या छ्वानचौ शहरातल्या प्रत्येक घरातून एक ना एक जण जहाजावर चढून गेलेला, त्यांचीच ही मुलं-नातवंडं. गाडीत बसली की खिशातून घडी घालून घालून फाटलेला कागद काढतात. त्यावर बापाच्या नाहीतर आज्याच्या अक्षरात एका गावाचं नाव असतं, कधी तेही अर्धंच. "हे कुठे आहे?" म्हणतात. मग लीछिंगचा खरा दिवस सुरू होतो.

या कामात तिच्या हातून एक चूक झाली होती. ती तिने मला फार वर्षांनी सांगितली, आम्ही दोघी शेंगांच्या शिरा काढत बसलो होतो तेव्हा. काम सुरू करून तिला दुसरंच वर्ष होतं. मलायातल्या पेनांगहून लिम आडनावाची एक बाई आली होती, आईचं माहेरघर शोधत. आमच्याकडे दारावरच्या दगडात कुळाचं नाव कोरलेलं असतं. लिमांचं असेल तर "पश्चिम नदी" हीच अक्षरं, मग ते घर कुठल्याही शाखेचं असो. दिवसभर वणवण झाली, उजेड कमी व्हायला लागला, बाई रडकुंडीला आली. एका पडक्या दारावर लीछिंगला ती अक्षरं दिसली आणि ती बोलून गेली, "हेच." बाईने त्या उंबऱ्यावर डोकं टेकलं, अंगणातली मूठभर माती रुमालात बांधली, आईच्या थडग्यावर घालायला घेऊन गेली. दोन महिन्यांनी गावच्या एका म्हाताऱ्याने वंशावळ काढून दाखवली. खरं घर दोन गल्ल्या पलीकडे होतं. लीछिंगने पेनांगला पत्र लिहिलं. उत्तर आलं नाही.

"परक्याची माती आहे गं वहिनी तिच्या आईच्या छातीवर," ती म्हणाली आणि शेंगा तशाच टाकून उठून गेली.

तेव्हापासून तिचा एक नेम. माहीत असेल ते सांगायचं, नसेल तर "माहीत नाही" म्हणायचं. हुईलोंग तिला चिडवतो, "सगळ्या शहरात ही एकच गाईड, जी पाहुण्याला दिवसभर फिरवून शेवटी म्हणते, मला माहीत नाही बुवा." ती म्हणते, "तुम्ही गाडी हाका."

एका वर्षी थडगी झाडायच्या सणाला आठ दिवस होते. लीछिंग मागच्या दाराने आत आली.

"वहिनी, परवा पितरांपुढे मांडायचं ताट करून द्याल? आणि तुम्हीही चला. मांडणी मला तुमच्यासारखी येत नाही, आणि हा पाहुणा काही साधा नाही."

पाहुणा म्हणजे बेनितो ओंग, फिलिपिन्समधल्या सेबूचा. वय एकाहत्तर. त्याचा बाप तिअनहिन हौखंग गावचा. अठराव्या वर्षी जहाजावर चढला आणि परत आला नाही. चार वर्षांनी इथे गावात आईबापांनी त्याचं लग्न लावून दिलं वूत्वान नावाच्या मुलीशी. नवरदेव तिकडे, नवरी इकडे. दोघांनी एकमेकांना फोटोत पाहिलं तेवढंच. मग युद्ध आलं, मग आणखी काय काय आलं, वाट बंद झाली. तिकडे त्याने सेबूतल्या एका मुलीशी लग्न केलं, बेनितो तिचा मुलगा. इकडे वूत्वान एक मुलगा दत्तक घेऊन त्याच घरात राहिली आणि त्याच घरात वारली.

तिअनहिन मरताना मुलाला म्हणाला होता, "मला तिच्या शेजारी नेऊन ठेव." बेनितोच्या आईने ते ऐकलं होतं. ती असेपर्यंत हा विषय घरात निघाला नाही. आदल्या वर्षी तीही गेली, आणि मग एकाहत्तराव्या वर्षी हा माणूस बापाचं नाव पहिल्यांदा त्याच्या गावी घेऊन निघाला.

हाडं आणायची नव्हती. आमच्यात त्याची गरजही नाही. माणसाच्या नावापुढे रोज उदबत्ती जळते, तिची राख खालच्या पात्रात साठत जाते. त्यातली चिमूटभर आणून गावच्या पात्रात मिसळली की माणूस घरी आला. मात्र ज्यांच्या ओट्यावर, म्हणजे पितरांच्या पाट्या असतात त्या चौथऱ्यावर, आणायचं त्यांना आधी विचारावं लागतं. वूत्वानला विचारायचं होतं, हे तुमचे यजमान, यांना शेजारी बसू देता का? तीन कौल लागोपाठ "हो" पडले पाहिजेत. आणि संध्याकाळी साडेसहाच्या गाडीने त्याला परत जायचं होतं.

सकाळी तो आला तेव्हा इस्त्रीचा पांढरा सदरा, पायात नवे बूट. काखेत एक काळी पिशवी, ती त्याने दिवसभर खाली ठेवली नाही. आधी आम्ही मंदिराच्या कोपऱ्यावर शेवयांची पेज खायला बसलो. कालवं घातलेली, वर मिऱ्याची पूड. तो आमची बोली बोलत होता, पण ती सत्तर वर्षांपूर्वीची, जशी बापाकडून मिळाली तशी. पेजवाली वाडगं हातात धरून हसायला लागली.

"अगंबाई! काका, तुम्ही तर माझ्या पणजीसारखं बोलता! भांड्याला 'भांडुलं' म्हणायची ती. मेली तेव्हा मी चार वर्षांची होते."

"मग वाढा की पणजीच्या माणसाला चार कालवं जास्त," तो म्हणाला. त्याचं हसू त्या दिवशी मी पाहिलं ते तेवढंच.

जोड मनोऱ्यांपाशी लीछिंगने तोंड उघडलं, कुठला आधी बांधला, दगड कुठून आले. तो दहा मिनिटं मान वर करून उभा राहिला. मग म्हणाला, "बाई, हे पुढच्या वेळी. मला पुढची वेळ असली तर." लीछिंगने हातातली यादी घडी करून पर्समध्ये टाकली. "चला."

हौखंगपर्यंत दीड तास. गाडीत त्याने पिशवीतून औषधाची काचेची बाटली काढून दाखवली. करड्या राखेने ती अर्धी भरलेली होती. हुईलोंग आरशातून बघत होता.

वूत्वानचं घर लाल विटांचं, छपराची टोकं पाकोळीच्या शेपटीसारखी वर गेलेली. राहतं फक्त एक माणूस, दत्तक मुलाची विधवा पाओची. सत्तरीची बाई, कंबरेत वाकलेली, डोळ्यांत मोतीबिंदू वाढलेला. दोन हातांवरचं माणूस तिला धुरकट दिसायचं.

"कोण, सेबूवाला?" ती खुर्चीतून म्हणाली. "या. फार लवकर आलात. माझ्या सासूबाईंना जाऊन पंचवीसच वर्षं झालीत."

लीछिंगने पुढे होऊन पाओचीचे हात हातात घेतले. तोवर मी मधल्या खोलीत ओट्यापुढच्या टेबलावर ताट मांडायला लागले होते. ओट्यावर नावांच्या लाकडी पाट्या, सासरा-सासू, त्यांच्या खाली वूत्वान, तिच्या खाली मुलगा. वूत्वानच्या पाटीवर नवऱ्याचं नाव नव्हतं. ज्याच्या मरणाची चिठ्ठी घरी आली नाही, त्याची पाटी करता येत नाही. मी फळं लावली, शेवया लावल्या, डुकराचा तुकडा, अख्खा मासा आणि उकडलेली कोंबडी, चोच वर करून. आमच्याकडे मोठ्या पूजेला हे तिन्ही लागतातच, त्यात विचार करायचा काही नसतो.

पाओचीला वासाने कळलं.

"कोंबडी आणलीत?"

"हो काकू, घरचीच आहे, ताजी."

"उचला ती. आधी उचला!"

मी गोंधळून ताट हातात घेतलं. पाओची काठीने भुई आपटत होती.

"माझ्या सासूबाईंपुढे या घरात कधी कोंबडी ठेवलेली नाही. तुम्ही शहरातल्या बायका, तुम्हाला काय माहीत असणार? कोंबड्याशी लग्न लागलं होतं त्यांचं!"

मी ती थाळी गाडीत नेऊन ठेवली आणि परत आले. हा रिवाज आम्हाला नवा नव्हता. नवरा परमुलखात असला की त्याच्या जागी लाल कापड बांधून कोंबडा उभा करायचे. माझ्या आजोळीही असं एक लग्न झालेलं. पण लग्न उरकलं की कोंबडा खुराड्यात जायचा, विषय संपायचा. इथे तो संपला नव्हता. पाओची सांगत होती, ओंगकाका उभ्यानेच ऐकत होते.

"अठरा वर्षांची पोर. कोंबड्याशेजारी उभी राहिली, आभाळाला नमस्कार केला, पितरांना केला, सासू-सासऱ्यांना केला. मग त्याच्यासकट खोलीत घातली. पहाटे तो आरवला तर शेजारणी भिंतीपलीकडून म्हणतात, 'अगं वूत्वान, नवरा फार लवकर उठतो गं तुझा!' आयुष्यभर ती थट्टा पुरली लोकांना. नऊ वर्षं जगला. आपल्या वाडग्यातले दाणे त्याला घालायच्या. मेला तेव्हा मागच्या लोंगानच्या झाडाखाली पुरला आणि केसांत पांढरं सूत बांधलं, नवरा मेल्यावर बांधतात तसं. सासू ओरडली, 'कार्टे, नवरा जिवंत आहे तुझा!' तर म्हणाल्या, 'मला दिला होतात तो हाच.'"

"पत्रं यायची ना बाबांची?" ओंगकाकांनी हळूच विचारलं.

"यायची की. वर्षाला दोन. 'मी खुशाल आहे, काळजी नसावी.' मला लग्नानंतर वाचून दाखवायला लावायच्या, जुनी जुनी. एकदा मी म्हटलं, आई, यात तुमचं नावसुद्धा नाही हो. तर म्हणाल्या, 'नाव माहीत नसेल त्याला.'"

हुईलोंग बाहेर जाऊन उभा राहिला.

लीछिंगने ओंगकाकांच्या हातात तीन उदबत्त्या दिल्या आणि कसं विचारायचं ते सांगितलं. आपलं नाव, गाव, आजची तिथी, आणि मग काय हवं ते, स्पष्ट. ओट्यावर कौलाचे दोन तुकडे होते, चंद्रकोरीसारखे, एक बाजू सपाट, एक फुगीर, लाल रंग हातांनी झिजलेला. ते ओंजळीत धरून भुईवर टाकायचे. एक सपाट, एक फुगीर पडला तर हो; दोन्ही फुगीर तर नाही.

काका गुडघ्यांवर बसले. "वूत्वानबाई, मी सेबूचा बेनितो. ओंग तिअनहिन यांचा मुलगा. बाबांनी मरताना तुमच्याशेजारी यायचं म्हटलं होतं. मी त्यांना घेऊन आलोय. त्यांना बसू द्याल का?"

तुकडे पडले. दोन्हींची सपाट बाजू वर.

"हसतायत," लीछिंग म्हणाली. "याला हो पण नाही, नाही पण नाही. पुन्हा विचारा."

"हसतायत?" काकांच्या चेहऱ्यावर थोडा उजेड आला. त्यांनी पुन्हा विचारलं, तेच शब्द. पुन्हा टाकले.

या वेळी दोन्ही फुगीर बाजू वर. दोन माणसं पाठ वर करून पालथी पडावीत तशी.

"काय पडलं?" पाओचीने खुर्चीतून विचारलं. तिला दिसत नव्हतं. काकांना दिसत होतं, पण वाचता येत नव्हतं. ते लीछिंगच्या तोंडाकडे बघत राहिले. "आता हे काय बाई? हो म्हणाल्या का?"

दारात हुईलोंग खाकरला. तिच्याजवळ येऊन पुटपुटला, पण मला ऐकू आलं. "बोल ना. एक शब्द तर आहे. एवढ्या लांबून आलाय म्हातारा."

इथे मला खरं लिहिलं पाहिजे. मी रोज पहाटे क्वानयिन देवीपुढे दिवा लावते, महिन्यातले दोन दिवस मांस शिवत नाही, आणि त्या घटकेला मीसुद्धा मनात म्हणत होते, हो म्हण लीछिंग. त्या पांढऱ्या सदऱ्यातल्या माणसाची मान बघवत नव्हती. तिने "हो" म्हटलं असतं तर त्याने बाटलीचं झाकण काढलं असतं, तिघा-चौघांनी डोळे पुसले असते, सहाच्या आत आम्ही स्टेशनवर असतो. आणि कौल फिरवलेला फक्त तीन माणसांना माहीत असता.

लीछिंग वाकली. तुकडे अगदी जवळून पाहिले, पाहायची गरज नसताना. मग सरळ झाली.

"नाही म्हणतायत, काका."

त्यांनी ऐकलं नसल्यासारखं तुकडे गोळा केले आणि पुन्हा टाकले. तेच. पुन्हा टाकले. तेच. पाचव्यांदा हात पुढे केला तेव्हा लीछिंगने आपला तळवा तुकड्यांवर ठेवला.

"तीनदा नाही पडलं की तोच प्रश्न विचारायचा नसतो. ते विचारणं राहत नाही मग."

"काय राहतं?"

"जबरदस्ती."

काका उठले. चेहरा लाल झाला होता. "दोन विमानं बदलून आलो मी. एकोणतीस वर्षं ही राख घरात ठेवली. मला काय येतं यातलं? तुम्हाला एक शब्द बोलता आला नसता?"

"आला असता."

"मला कळलं असतं?"

"नसतं कळलं."

"मग तुम्ही गाईड आहात की न्यायाधीश? मी आजचा दिवस तुमचा घेतलाय बाई, या म्हातारीचा नाही!"

हुईलोंग पुढे आला, "ओ काका, जरा सबुरीनं," पण लीछिंगने त्याला हाताने थांबवलं. तिचा आवाज चढला नाही. तीस वर्षं भिंतीतून ऐकलेला तो आवाज, त्या दिवशी तो मला अनोळखी वाटला.

"काका, तुम्ही संध्याकाळी जाल. मीही जाईन. या दोघांना या एका ओट्यावर कायमचं एकत्र राहायचंय. मी खोटं बोलून कुणाच्या घरात माणूस कसा घुसवू?"

काका भिंतीला टेकून खालीच बसले, नव्या बुटांसकट. बाटली मांडीवर. उदबत्त्या अर्ध्या झाल्या. मी पाओचीच्या चुलीवर पाणी ठेवून चहा केला, कारण दुसरं काय करावं ते मला कळेना.

चहाचा पहिला घोट घेऊन पाओचीच बोलली.

"तुम्ही सासूबाईंना 'बाई' म्हणालात. वूत्वानबाई. त्या काय शाळेत मास्तरीण होत्या?"

काकांनी वर पाहिलं.

"बापाचं विचारलंत. त्याचं काय ते त्यांनी सांगितलं. आता स्वतःचं विचारा की."

"माझं काय विचारायचं, वहिनी?" पहिल्यांदाच त्यांनी तिला काहीतरी म्हटलं. दत्तक का होईना, भावाची बायको होती ती.

"तुम्ही त्यांच्या नवऱ्याचं पोर. रीतीने त्या तुमच्या थोरल्या आई. एकाहत्तर वर्षांचे झालात, एकदा तरी हाक मारलीत का?"

काका लीछिंगकडे वळले. मघाचा राग ओसरला नव्हता, पण विचारायला दुसरं कोणी नव्हतं. "असं विचारता येतं?"

"येतं," ती म्हणाली. "पण काय पडेल ते मला माहीत नाही. आणि पडेल तेच सांगेन."

"ते कळलं मला," काका म्हणाले.

ते पुन्हा गुडघ्यांवर बसले. 'आई' ही हाक त्यांनी दुसऱ्याच बाईला आयुष्यभर मारली होती, आणि त्या बाईला या बाईचं नावही घरात नको होतं. तिच्याशी आपण बेइमानी करतोय का, असंच वाटत असणार. शेवटी अगदी हलक्या आवाजात म्हणाले, "थोरली आई. मी बेनितो. बाबांचं राहू द्या. मी या घरचा मुलगा म्हणून तुम्हाला उदबत्ती लावू का?"

तुकडे पडले. एक सपाट, एक फुगीर.

"हो," लीछिंग म्हणाली.

दुसऱ्यांदा. एक सपाट, एक फुगीर.

"हो."

तिसऱ्यांदा टाकताना एक तुकडा घरंगळत टेबलाखाली गेला. लीछिंग भुईवर आडवी झाली, गाल फरशीला लावून टेबलाखाली पाहिलं. तुकड्याला हात लावला नाही.

"फुगीर वर," ती खालूनच म्हणाली. "दुसरा सपाट. हो, काका."

पाओचीने काठी बाजूला ठेवली आणि डोळे टिपले. हुईलोंगने काकांना काखेत हात घालून उभं केलं आणि काहीतरी बोलायचं म्हणून म्हणाला, "झालात बघा हौखंगचे. आता पाणीपट्टी भरा." म्हातारी फिस्सकन हसली.

मग जेवलो. ती कोंबडी मात्र गाडीतच राहिली. पाओचीने मागच्या झाडाच्या सुकवलेल्या लोंगान फळांची पुरचुंडी दिली. निघताना काकांनी बाटली हातात घेऊन ओट्याकडे एकदा पाहिलं, आणि पिशवीत परत ठेवली.

परतीच्या वाटेत लोयांगच्या पुलाचा फाटा आला तेव्हा हुईलोंगने गाडी जरा हळू केली. काका म्हणाले, "नको. राहू दे पूल." स्टेशनवर त्यांनी मला नमस्कार केला, हुईलोंगला केला. लीछिंगसमोर थांबले, मग वळून गर्दीत गेले.

नंतर महिनाभर लीछिंग बेचैन होती. सहली ठरवणाऱ्या कार्यालयाने विचारलं होतं, पाहुणा खूश होता का? तिने लिहिलं, माहीत नाही. एक दिवस ती मागच्या दाराने आली आणि माझ्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसली.

"वहिनी, माणूस बापाला परत घेऊन गेला हो. तशाच्या तसा. मी केलं ते बरोबर होतं का?"

"हो म्हणावंस असं मलाही वाटत होतं तेव्हा," मी म्हणाले.

ती माझ्याकडे बघतच राहिली. "तुम्हाला?"

"मला."

"मग बरं झालं मी तुमच्याकडे बघितलं नाही," ती म्हणाली. मी लसूण सोलत होते, तिने अर्धा गड्डा उचलून सोलायला घेतला.

दुसऱ्या वर्षी थडगी झाडायच्या सणाला काका आले. कार्यालयातून नाही, सरळ लीछिंगला फोन करून. बाटली बरोबर होती. पुन्हा विचारलं, रीतसर. पुन्हा नाही पडलं. या वेळी एकदाच टाकले आणि थांबले. पाओचीकडे दोन दिवस राहिले, छपरावरची फुटलेली कौलं बदलून घेतली.

मग साथ आली, जगाचीच दारं तीन वर्षं बंद झाली. ती उघडली तेव्हा काका शहात्तरचे होते, काठी आली होती, सोबत मुलगी. पाओचीला आता काहीच दिसत नव्हतं, पण आवाजाने ओळखलं आणि म्हणाली, "आलात? मला वाटलं सेबू बुडालं." मी ताट मांडलं. फळं, शेवया, मासा, डुकराचा तुकडा. काकांनी तीन उदबत्त्या लावल्या, "थोरली आई, मी आलोय, ही तुमची नात," एवढंच म्हणाले, उदबत्त्या पात्रात खोचल्या आणि खुर्चीकडे वळले.

कौलाचे तुकडे ओट्यावर तसेच होते. लीछिंगने ते उचलून त्यांच्यापुढे धरले. "काका, विचारायचं नाही?"

"बाटली आणलेली नाही मी. घरी आईच्या फोटोजवळ ठेवून आलोय," ते म्हणाले. "थोरल्या आईने दोनदा नाही म्हटलंय. म्हणजे नाही. माझी आई आहे ती, मला कळतो आता तिचा स्वभाव."

लीछिंगने तुकडे जागेवर ठेवले. काकांच्या मुलीने तिला विचारलं, हे मागचं झाड कशाचं आहे? लीछिंग तिला मागच्या अंगणात, लोंगानखाली घेऊन गेली.